किरकोळ दुरुस्त्या व इतर सुधारणा

मराठीत समीक्षेला काही तोटा नाही. नाटक पडलं की समीक्षा, चाललं की त्याहून मोठी समीक्षा. कवितेच्या एका ओळीवर बावीस पानं लिहिणारे प्राध्यापक आपल्याकडे आहेत आणि मिसळीच्या तर्रीवर तितक्याच पोटतिडकीनं बोलणारे पुणेकरही आहेत. पण ज्या वाङ्मयाचे वाचक आज कोट्यवधी आहेत, जे रोज प्रसिद्ध होतं आणि फुकट मिळतं, त्याच्याकडे मात्र समीक्षकांनी साफ पाठ फिरवली आहे. मी म्हणतोय ते कॉम्प्युटरवरच्या स्टोअरमध्ये गेमच्या अपडेटखाली छापलेल्या चार ओळींबद्दल. वर शीर्षक असतं, 'नवीन काय?' आणि खाली उत्तर असतं, 'किरकोळ दुरुस्त्या व इतर सुधारणा.'

ह्या विषयावर लिहिण्याचा माझा अधिकार काय, असं कुणी विचारील. मी बी.कॉम. आहे आणि वीस वर्षं बँकेत कारकून आहे. म्हणजे वीस वर्षं मी परिपत्रकं वाचतोय. 'मागील परिपत्रकात अंशतः बदल करून' अशी सुरुवात असलेला मजकूर ज्यानं मागील परिपत्रक हाताशी नसताना पचवला आहे, त्याला अपडेटची भाषा काय जड? दोन्हींचा लेखक अज्ञात असतो, दोन्हींत कर्मणी प्रयोगाचा सुकाळ असतो, आणि नेमकं काय बदललं ते दोन्हींच्या बाबतीत दुसऱ्या दिवशी काउंटरवर आलेल्या गिऱ्हाइकाकडूनच कळतं.

अभ्यासाचं साहित्य घरातच आहे. मांजरीला आमच्या घरी खिडकीशी एक कॉम्प्युटर आहे, २०१२ च्या दिवाळीत घेतलेला. कुठल्या कंपनीचा ते सांगणार नाही. खातेदाराचं नाव बाहेर फोडायचं नाही, ही नोकरीतली सवय. त्याच्या पडद्यावर स्टोअरचं चित्र आहे, चित्राच्या डोक्यावर लाल गोल आहे आणि गोलात आकडा आहे १४. चौदा गेम अपडेट मागताहेत. मुलगी शाळेत असताना तिनं, तिच्या मावसभावांनी आणि एका मे महिन्यात आमच्या मेहुण्यांनी मिळून मांडलेला हा संसार. घरी येणारा प्रत्येक पाहुणा चहा पिता पिता तो आकडा वाचतो आणि "अहो, चौदा पेंडिंग आहेत की!" असं अशा आवाजात सांगतो, जणू मी चौदा लोकांचे चेक वटवायचे ठेवून घरी निघून आलो आहे.

एका रविवारी मी ह्या चौदांच्या 'नवीन काय?'चं सलग वाचन केलं. मला त्यात तीन घराणी आढळली.

पहिलं घराणं मितभाषी. 'दुरुस्त्या केल्या आहेत.' बस. कुठल्या, ते नाही. ह्या शैलीत पाप असतं, पण पापी नसतो. काहीतरी चुकलं होतं हे मान्य. कुणाचं चुकलं, कधी चुकलं, त्यात कुणाचं काय गेलं, ह्याबद्दल थोर मौन. आमच्याकडे कॅश दहा रुपयांनी जुळली नाही तर ते दहा रुपये सापडेपर्यंत दिवे बंद होत नाहीत. 'किरकोळ दुरुस्त्या केल्या' असं दिवसाच्या अखेरीस रजिस्टरात लिहून घरी जायची सोय असती, तर बँकिंगचा व्यवसाय किती काव्यमय झाला असता!

दुसरं घराणं लाडिक. 'आमच्या टीमनं खास तुमच्यासाठी मेहनत घेतली आहे! जिंकल्यावर नवे रंगीत फटाके!' ह्या घराण्यात उद्गारचिन्ह हा मुख्य अलंकार. फटाके सोडून दुसरं काय बदललं, असं विचारायची आपल्याला लाज वाटावी, इतका गोडवा.

तिसरं घराणं शोकात्म, आणि माझ्या मते खरं वाङ्मय इथेच आहे. सहा ओळी आनंदीआनंद असतो आणि सातव्या ओळीत येतं, 'ह्या व्हर्जनपासून जुन्या ऑपरेटिंग सिस्टीमवर गेम चालणार नाही.' ना लाडिकपणा, ना आडपडदा. अख्ख्या साहित्यप्रकारातलं हे एकमेव खरं वाक्य. तक्रार एवढीच की ते सातवं आहे. पहिलं हवं होतं, आणि ठळक.

आमच्या चौदांपैकी अकरांच्या तळाशी हे वाक्य आहे. उरलेले तीन मुकाट्यानं अपडेट होतात, चालतात, त्यांच्याबद्दल माझं काही म्हणणं नाही. अकरांतले दहा कायमचे बंद पडले तरी घरात कुणाला पत्ता लागणार नाही. मेहुण्यांच्या गेममधल्या गाईंना गेली कित्येक वर्षं कुणी चारा घातलेला नाही. पण अकरावा आईचा आहे.

आई शहात्तर वर्षांची आहे. पाच-तीन-दोन, झब्बू आणि लाडीस ह्या तिन्ही शाखांत तिनं आयुष्यभर नाव राखलं. मग भिडू एकेक करून कमी होत गेले. हा गेम मुलीनं तिला लावून दिला. फ्रीसेल नावाचा पत्त्यांचा डाव आहे, एकट्यानं खेळायचा. बावन्नच्या बावन्न पत्ते पहिल्यापासून उघडे, आठ रांगांत मांडलेले. पत्ता तात्पुरता ठेवायला वर चार मोकळे खण. लपवाछपवी नाही, नशीब नाही. हरलात तर तुमची अक्कल. आईला तो ह्यासाठीच आवडला. "ह्यात कुणाला बोल लावता येत नाही," ती म्हणाली.

प्रत्येक डावाला नंबर आहे. ही पद्धत जुनी. विंडोज ९५ बरोबर घरोघर गेलेल्या फ्रीसेलमध्ये १ ते ३२,००० असे डाव होते आणि पुढे पुष्कळांनी तीच यादी उचलली, आईच्या गेमनंही. २०१३ च्या गुढीपाडव्याला आईनं १ नंबरपासून सुरुवात केली. सकाळच्या चहानंतर एक, चारच्या चहानंतर एक. तेव्हापासून लाँगबुकात नोंदी आहेत: नंबर, तारीख, शेरा. 'सुटला.' 'दुसऱ्या खेपेस सुटला.' 'चौकट एक्का तळाशी, फार छळलं.' सध्या तिसरं लाँगबुक चालू आहे आणि नंबर नऊ हजार तीनशेच्या घरात आहे. एकही पान कोरं नाही, एकही खाडाखोड नाही. ऑडिटरनं हे रजिस्टर पाहिलं तर तो चहासुद्धा न घेता सही करील.

तर ह्या गेमला नवं व्हर्जन आलं आहे आणि ते आमच्या कॉम्प्युटरवर चढत नाही. अपडेटचं बटण दाबलं की स्टोअर म्हणतं, ह्याला अमुक सिस्टीम लागेल. सिस्टीम बदलायला जावं तर ती म्हणते, मला तमुक मशीन लागेल. मशीन बिचारं काहीच म्हणत नाही, फक्त गरम होतं. 'त्या टेबलावर विचारा' ह्या संस्थेचा एवढा शुद्ध नमुना मी सरकारी कचेरीतसुद्धा पाहिलेला नाही, आणि मी स्वतः एका टेबलामागे बसतो.

नवं व्हर्जन न बघता त्यावर लिहिणं समीक्षकाला शोभत नाही. (काहींना शोभतं, पण ते असो.) शेजारचा मुलगा मगरपट्ट्यात इंजिनिअर आहे. तो आपला लॅपटॉप घेऊन आला, त्यावर नवं व्हर्जन होतं. आम्ही तिघं बसलो. पत्त्यांच्या पाठीवर चमकी आली आहे. इस्पिकची राणी हसते. डाव संपला की तीस सेकंद जाहिरात लागते, आणि ती नेमकी झटपट कर्जाची होती. माझा रविवारसुद्धा सुटला नाही. जाहिरात नको असेल तर दरमहा पैसे. दहा सेकंद विचार करत बसलं तर कुठला पत्ता हलवायचा तो आपोआप लुकलुकतो. आणि नंबर नाहीत. नंबर काढून टाकलेत. त्या जागी 'आजचं आव्हान' आहे, रोज एक, ते देतील ते.

आई थोडा वेळ खेळली. पत्ता लुकलुकला तसा तिनं चष्मा वर केला. "हा मला शिकवतोय होय रे?"

"आजी, ते बंद करता येतं," मुलगा म्हणाला.

"बंद कशाला, बाळा? त्यालाच खेळू दे. मी भाजी निवडते."

ह्याहून नेमकी समीक्षा माझ्याच्यानं होणार नाही. मी फक्त दोन वाक्यांची भर घालतो. जे आलं आहे तो जुन्या गेमचा अपडेट नाही. तो दुसरा गेम आहे, जुन्याच्या नावावर राहायला आलेला. संगीत नाटकाचं तिकीट काढावं, मध्यंतरात वडा खाऊन परत यावं आणि पडदा उघडल्यावर ऑर्केस्ट्रा दिसावा, आणि वर व्यवस्थापकांनी म्हणावं की नाव तर तेच आहे, तसा हा प्रकार.

"मशीन बदला, काका," मुलानं सल्ला दिला. पण नव्या मशीनवर जुना गेम चालत नाही, कारण तो थर्टीटू बिटचा आहे. हे प्रकरण मी त्याच्याकडून बँकेच्या भाषेत समजून घेतलं. थर्टीटू बिटचा प्रोग्रॅम मेमरीतल्या जागेचा पत्ता बत्तीस घरांत लिहितो, प्रत्येक घरात शून्य किंवा एक. अशा रीतीनं ४,२९,४९,६७,२९६ पत्ते लिहिता येतात. चारशे एकोणतीस कोटी! पुढे मशीनची मेमरी वाढली, एवढे पत्ते पुरेनात, म्हणून चौसष्ट घरांची वही आली. ठीक आहे, मोठ्या कामांना लागत असतील. आईला पत्ते बावन्न लागतात. पण नवी वही आल्यावर काही वर्षांनी दुकानदारांनी जुनी वही बघायचंच बंद केलं. ॲपलनं २०१७ साली फोनवर, आयओएस ११ पासून, आणि २०१९ च्या ऑक्टोबरात कॉम्प्युटरवर, मॅकओएस कॅटालिनापासून, थर्टीटू बिटचे प्रोग्रॅम चालवणं सोडून दिलं. ज्यांचे कर्ते हयात आणि हौशी होते ते गेम नव्या वहीत उतरवले गेले. बाकीचे, लोकांनी रोख पैसे मोजून घेतलेले, एका रात्रीत राखाडी झाले.

हा एकाच दुकानाचा गुण नव्हे. गेम विकणाऱ्या स्टीम ह्या दुकानानं १ जानेवारी २०२४ पासून विंडोज ७ आणि ८ चा आधार काढून घेतला. विंडोज १० ची नियमित देखभाल १४ ऑक्टोबर २०२५ ला थांबली. विंडोज ११ ला जी सुरक्षेची चिप लागते ती नसलेली धडधाकट मशीनं मागे राहिली. साधे पत्त्यांचे डावच घ्या. १९९० साली विंडोज ३.० बरोबर सॉलिटेअर फुकट आला. तो एका शिकाऊ उमेदवारानं लिहिला होता. बावीस वर्षं तो कॉम्प्युटरबरोबर, नव्या घरात पाटा-वरवंटा मिळावा तसा, आपसूक मिळत असे. २०१२ साली विंडोज ८ आलं आणि तो स्टोअरमध्ये गेला. पुढे जाहिराती आल्या, जाहिराती घालवायची वर्गणी आली.

मी अपडेटचा शत्रू नाही. बँकेतल्या माणसाला ते परवडणारही नाही. विंडोज एक्सपीची देखभाल एप्रिल २०१४ मध्ये संपली, तरी पुढे कित्येक वर्षं आपल्याकडची एटीएम मशीनं त्याच एक्सपीवर नोटा मोजत होती. शेवटी जून २०१८ मध्ये रिझर्व्ह बँकेनं फर्मान काढलं की टप्प्याटप्प्यानं जून २०१९ पर्यंत सगळी बदला. योग्यच केलं. ज्या पेटीत लोकांचे पैसे आहेत तिचं कुलूप जुनं चालत नाही. जुनं मशीन इंटरनेटला जोडण्यात धोका असतो, हेही खरं. त्याला नवे लोक ओळखूच येत नाहीत. बँकेत सहीचे नमुने जपून ठेवतात ना, तसे कॉम्प्युटरमध्ये विश्वासू संस्थांच्या सह्यांचे नमुने असतात. ३० सप्टेंबर २०२१ ला अशा एका मोठ्या सहीची मुदत संपली आणि जगभरची जुनी मशीनं, ज्यांच्या वहीत नवा नमुना आलाच नव्हता, चांगल्या-चांगल्या वेबसाईटना 'तुम्ही कोण?' म्हणून दारातूनच परत पाठवू लागली.

पण आईच्या बावन्न पत्त्यांत चोरण्यासारखं काय आहे? किलवर गुलाम? तो डाव खेळायला इंटरनेट लागत नाही, खाते नंबर लागत नाही, काहीच लागत नाही. सुरक्षेचं कारण सिस्टीमला लागू आहे, गेमला नाही; आणि 'नवीन काय?'चे लेखक ही दोन खाती एकाच लेजरमध्ये लिहितात. माझा मुख्य आक्षेप हाच आहे. गेमकर्त्याची अडचण मी समजू शकतो. स्टोअर त्याला सांगतं नवी हत्यारं वापर, नवी हत्यारं जुन्या सिस्टीमसाठी माल काढत नाहीत, आणि प्रत्येक जुन्या मशीनवर तपासून बघायला त्याच्याकडे माणसं नाहीत. मग त्यानं तसं लिहावं. 'आम्हाला आता जमत नाही' असं सरळ लिहिलं तर कुठल्या गिऱ्हाइकाला राग येईल? 'सुधारणा' कशाला म्हणता?

नवं आणायचं म्हणजे जुनं मोडायचंच, असा काही सृष्टीचा नियम नाही. आमच्या मांजरीत १९९७ पासून राष्ट्रीय द्राक्ष संशोधन केंद्र आहे. त्यांनीही नवी व्हर्जन काढली आहेत, 'मांजरी नवीन', 'मांजरी मेडिका'. आता आमच्याकडचा बागायतदार काय करतो? जमिनीत डॉगरिज नावाच्या रानटी द्राक्षाची मुळी लावतो, कारण ती खारं पाणी सोसते, दुष्काळ काढते. ती धरली की तिच्यावर हव्या त्या वाणाचं कलम बांधतो. मुळी एक आणि वर द्राक्ष दुसरं, आणि दोघांचं बरं चालतं. आणि शेजारच्या बांधावर नवं वाण आलं म्हणून ज्याचा जुना थॉमसन फळतोय त्याच्या वेलाला रात्रीतून घड धरायचे थांबत नाहीत. तो तोडायचा की नाही हे ज्याचा वेल तो ठरवतो. २०२१ साली मांजरी बुद्रुक पुणे महापालिकेत गेलं, तेव्हा पत्त्यातली एक ओळ बदलली. आमची तुळस कुणी उपटली नाही.

स्टोअरवाल्यांनाही हे कळत नाही असं नाही, आणि चांगलं दिसलं तर समीक्षकानं हात आखडू नये. २०१३ च्या सप्टेंबरात ॲपलनं एक सोय केली: नवं व्हर्जन तुमच्या जुन्या फोनला चालणार नसेल तर 'तुम्हाला चालेल असं शेवटचं व्हर्जन घेता का?' असं स्टोअर विचारू लागलं. किती सभ्य प्रश्न! फक्त जुनं व्हर्जन ठेवायचं की नाही हे गेमकर्त्याच्या मर्जीवर. पोलंडच्या सीडी प्रोजेक्ट कंपनीनं २००८ साली 'गुड ओल्ड गेम्स' नावाचं दुकानच काढलं. तिथे जुने गेम नव्या मशीनवर चालते करून विकतात, आणि विकत घेतलेल्याची फाईल घरी नेऊन ठेवू देतात. आणि कॅलिफोर्नियात १ जानेवारी २०२५ पासून कायदा लागू झाला की 'विकत घ्या' असं बटण लावायचं असेल, तर जो माल पुढे काढून घेतला जाऊ शकतो तो विकत नव्हे, परवान्यावर मिळतो आहे, हे गिऱ्हाइकाला स्पष्ट सांगा. म्हणजे तिकडच्या सरकारनं 'नवीन काय?'ची सातवी ओळ उचलून पहिली केली.

इकडे आमची व्यवस्था अशी. आपोआप अपडेट होण्याची सोय बंद. आईच्या खेळाच्या वेळी इंटरनेटची वायर काढलेली. अख्ख्या मशीनची नक्कल बाहेरच्या दोन डिस्कवर, एक कपाटात आणि एक लॉकरमध्ये, पाटल्यांच्या डबीशेजारी. (सौ.चा ह्या शेजाराला विरोध होता.) गेम काढून पुन्हा टाकून बघण्याचे प्रयोग करायला सर्वांना सक्त मनाई, कारण स्टोअरमधून एकदा गेलेला गेम परत मिळेलच अशी पावती कुणाकडे नाही. त्याच नंबरांचा दुसरा फुकट गेम शेजारच्या मुलानं फोनवर शोधून दिला, तो आईनं दोन दिवस मन लावून खेळला. पत्ते मुंगीएवढे दिसतात, आणि मोतीबिंदूचं ऑपरेशन झालेल्या डोळ्यांना तो जुना मोठा पडदाच बरा वाटतो. फोन परत गेला. लाल गोलातला १४ तसाच आहे; मी त्याच्यावर मुलीच्या जुन्या वहीतलं एक फुलाचं स्टिकर चिकटवलं आहे.

हिशेब मी करून ठेवला आहे, तो माझा पेशाच. वर्षाला सातशे तीस डाव. बत्तीस हजार पुरे व्हायला एकंदर चव्वेचाळीस वर्षं लागतील, त्याबद्दल घरात कुणी बोलत नाही, आईही नाही. पण त्याआधी एक मुक्काम आहे. १९९४-९५ साली डेव्ह रिंग नावाच्या गृहस्थांनी इंटरनेटवर शंभरावर हौशी लोक जमवले, सगळे बत्तीस हजार डाव वाटून दिले आणि सोडवून घेतले. सगळे सुटले, एक सोडून. नंबर ११,९८२. पुढे कॉम्प्युटरनंही सगळ्या वाटा तपासल्या. तो सुटतच नाही.

आईच्या लाँगबुकात 'सुटला नाही' असा शेरा आजवर एकदाही पडलेला नाही. शेजारचा मुलगा म्हणतो, सांगून टाका. मी त्याला गप्प बसवलं आहे. अजून साडेतीन वर्षांच्या वर अवकाश आहे, आणि आईनं त्या डावावर आठवडाभर बसून, मग चष्मा वर करून मला हाक मारावी, असं मला फार वाटतं. तेवढं हे मशीन टिकलं पाहिजे. त्याच्या पंख्यातली धूळ दर महिन्याच्या पहिल्या रविवारी मी स्वतः काढतो, दाढीच्या ब्रशनं.